वर्गणी संपली, आता खेळ कोणाचे?

मासिक शुल्क भरून खेळले जाणारे व्हिडिओ गेम सदस्यत्व संपताच कुठे जातात, हाती काय उरते आणि काय निसटते, याचा लेखाजोखा

वार्षिक परीक्षा संपते, सुट्टी लागते आणि घरातला मुलगा बऱ्याच दिवसांनी गेमिंग कन्सोल सुरू करतो. पडद्यावर नेहमीची चित्रे ओळीने उमटतात. त्यांतल्या काहींवर मात्र एक लहानसे कुलूप दिसते. बटण दाबले की सूचना येते, सदस्यत्वाची मुदत संपली आहे. मधल्या काळात बँकेचे जुने कार्ड बदललेले असते, नव्या कार्डावरून मासिक शुल्क वळते करण्याची संमती द्यायची राहून गेलेली असते. वडिलांना प्रश्न पडतो की, हार्ड डिस्कवर एवढी जागा अडवून बसलेला खेळ उघडत कसा नाही? मुलाला वेगळीच चिंता असते. तीन महिने खपून गाठलेली पातळी गेली की काय?

या दोन प्रश्नांची उत्तरे एक नाहीत. खेळ, खेळातील प्रगती, वरून विकत घेतलेले पूरक भाग आणि इतरांबरोबर ऑनलाइन खेळण्याची मुभा या चार गोष्टी खेळणाऱ्याला एकच वाटतात. कंपनीच्या दप्तरी मात्र त्यांची चार वेगळी खाती असतात आणि वर्गणी थांबली की प्रत्येक खात्याला निराळा नियम लागू होतो. हा फरक ठाऊक नसल्याने अनेक घरांत नको तेव्हा पैसे भरले जातात आणि भरायला हवेत तेव्हा मुदत उलटून जाते.

जुनीच कल्पना, नवे दुकान

शुल्क भरून खेळ वापरायला घेणे ही काही आजची गोष्ट नव्हे. अमेरिकेत सेगा कंपनीने १९९४ च्या अखेरीस ‘सेगा चॅनल’ नावाची सेवा सुरू केली होती. केबल टीव्हीच्या तारेतून खेळ घरातील यंत्रात उतरत असे आणि यंत्र बंद केले की तो पुसला जात असे. १९९८ मध्ये ही सेवा बंद पडली. त्या ग्राहकाला आपण काय विकत घेत आहोत याबद्दल संभ्रम असण्याचे कारणच नव्हते. वीज गेली की खेळ गेला, हे त्याला डोळ्यांनी दिसत होते.

आपल्याकडील शहरांतही भाड्याचा व्यवहार अनोळखी नव्हता. गल्लीतल्या व्हिडिओ लायब्ररीतून कॅसेट आणायची, अनामत ठेवायची, उशीर झाला तर जादा पैसे मोजायचे, हा शिरस्ता एका पिढीच्या अंगवळणी पडला होता. गेमची कार्ट्रिज आणि पुढे सीडी विकत घेणारा मात्र त्याचा मालक असे. कंटाळा आला की ती मित्राला देता येई, दुकानात जुन्याच्या बदल्यात नवी घेता येई. भाड्याचे काय आणि मालकीचे काय, हे हातातल्या वस्तूवरून कळत असे.

आता ही खूणच पुसली गेली आहे. भाड्याचा खेळ आणि विकतचा खेळ दोन्ही इंटरनेटवरून उतरतात, एकाच पडद्यावर एकाच आकाराच्या चौकटीत दिसतात आणि दोन्ही ‘माझी लायब्ररी’ याच शीर्षकाखाली मांडलेले असतात. गोंधळाचे मूळ येथे आहे.

फाइल असते, परवाना नसतो

तांत्रिक बाजू तशी सोपी आहे. डाउनलोड केलेला खेळ म्हणजे केवळ फायलींचा गठ्ठा. तो उघडायचा असेल तर ग्राहकाच्या खात्यावर त्या खेळाचा वैध परवाना असावा लागतो. खेळ सुरू करताना यंत्र हा परवाना तपासते. इंटरनेट नसेल तर काही काळ जुन्या नोंदीवर काम भागते, पण अधूनमधून कंपनीच्या सर्व्हरशी संपर्क व्हावाच लागतो. निन्टेन्डोने सप्टेंबर २०१८ मध्ये ‘स्विच ऑनलाइन’ ही सशुल्क सेवा सुरू केली तेव्हा सदस्यांना मिळणारे जुने खेळ इंटरनेटविना सात दिवसांपर्यंतच चालतील, अशी अट होती. वर्गणी चालू आहे की नाही, याची ही हजेरीच म्हणायची.

म्हणूनच सदस्यत्व संपल्यावर फाइल पुसली गेली नाही तरी तिचा उपयोग उरत नाही. किल्ली परत घेतली जाते, कपाट घरातच राहते. पुन्हा वर्गणी भरली की बहुतेक वेळा तोच गठ्ठा जसाच्या तसा चालू लागतो. म्हणजे थोड्याच दिवसांत सदस्यत्व पुन्हा घ्यायचे असेल तर घाईघाईने खेळ काढून टाकण्याची गरज नसते आणि घ्यायचे नसेल तर ती जागा अडवून ठेवण्यात अर्थ नसतो.

भाड्याचे घर, पागडी आणि मालकी

मुंबईकराला घरांच्या भाषेत हे लवकर उमगेल. सशुल्क सेवांतून मिळणाऱ्या खेळांचे साधारण तीन प्रकार पडतात.

पहिला प्रकार निव्वळ भाड्याचा. मायक्रोसॉफ्टने १ जून २०१७ रोजी सुरू केलेली ‘एक्सबॉक्स गेम पास’ ही सेवा या प्रकारातली ठळक. ठरावीक शुल्क भरले की सेवेच्या संग्रहातील खेळ कन्सोलवर किंवा संगणकावर उतरवून खेळता येतात. सदस्यत्व संपले की संग्रहातील सगळेच खेळ एकदम बंद होतात. सोनीच्या ‘प्लेस्टेशन प्लस’ सेवेची जून २०२२ मध्ये पुनर्रचना झाली. तेव्हा तिच्या ‘एक्स्ट्रा’ आणि त्यावरील पातळ्यांवर मिळू लागलेला मोठा संग्रहही याच जातीचा.

दुसऱ्या प्रकाराची जातकुळी काहीशी पागडीच्या खोलीसारखी. खोली नावावर असते, पण भाडे थकवून चालत नाही. प्लेस्टेशन प्लसच्या सर्व पातळ्यांवरील सदस्यांना दर महिन्याला काही खेळ दिले जातात. त्या महिन्याच्या मुदतीत ते आपल्या लायब्ररीत जमा करून घ्यावे लागतात. एकदा जमा केले की पुढे ते यादीतून गेले तरी सदस्याला खेळता येतात. सदस्यत्व संपले की त्यांवर कुलूप पडते, वर्षभराने पुन्हा वर्गणी भरली तरी ते उघडते. मुदतीत जमा करायचे राहिले तर मात्र नंतर वर्गणी भरूनही उपयोग नसतो. प्लेस्टेशन ५ बरोबर नोव्हेंबर २०२० मध्ये सदस्यांना खुला झालेला ‘प्लेस्टेशन प्लस कलेक्शन’ हा वीस खेळांचा संच सोनीने ९ मे २०२३ रोजी मागे घेतला. त्याआधी ज्यांनी ते खेळ खात्यावर जमा करून ठेवले होते, त्यांना सदस्यत्व असेपर्यंत ते खेळण्याची मुभा राहिली. ज्यांनी टाळाटाळ केली, त्यांची संधी गेली.

एक्सबॉक्सची ‘गेम्स विथ गोल्ड’ ही योजना सप्टेंबर २०२३ मध्ये बंद झाली. तिच्यात तर एकाच योजनेत दोन नियम होते. एक्सबॉक्स ३६० साठी दिलेले खेळ सदस्यत्व संपल्यावरही ग्राहकाकडेच राहत. एक्सबॉक्स वन साठी दिलेले खेळ मात्र वर्गणीच्या दोरीला बांधलेले असत. दोन्ही खेळ ‘मोफत’ याच शब्दाने दिले जात होते, हे येथे लक्षात घेण्यासारखे.

तिसरा प्रकार कायम ठेवण्याचा. ‘हंबल चॉइस’सारख्या मासिक योजनेत ग्राहकाला खेळाचा संकेतांक मिळतो. तो स्टीमसारख्या दुकानातील आपल्या खात्यावर वापरला की योजना सोडल्यावरही खेळ राहतो. अॅमेझॉन प्राइमच्या सदस्यांनी ‘प्राइम गेमिंग’मधून आपल्या खात्यावर घेतलेल्या संगणकावरील खेळांचेही तसेच. एपिक गेम्स स्टोअर डिसेंबर २०१८ पासून नियमितपणे मोफत खेळ देत आले आहे. तेथे वर्गणीच नाही. मुदतीत खात्यावर घेतलेला खेळ खात्यावरच राहतो. सदस्य असताना सवलतीच्या दरात पैसे मोजून घेतलेला खेळही याच प्रकारात मोडतो. सवलत सदस्यत्वामुळे मिळाली म्हणून खेळ सदस्यत्वाबरोबर जात नाही.

मोबाइलवरचा हिशेब

गेमिंगची वर्गणी म्हणजे महागडे कन्सोल असणाऱ्यांचा प्रश्न, असा समज असेल तर तो खरा नाही. अॅपलची ‘आर्केड’ सेवा १९ सप्टेंबर २०१९ रोजी सुरू झाली, तेव्हा भारतात तिचे मासिक शुल्क ९९ रुपये होते. गुगलची ‘प्ले पास’ सेवा फेब्रुवारी २०२२ मध्ये भारतात आली, तीही महिन्याला ९९ रुपयांत किंवा वर्षाला ८८९ रुपयांत. नोव्हेंबर २०२१ पासून नेटफ्लिक्सच्या सदस्यांनाही मोबाइलवरील खेळ मिळू लागले.

यांपैकी आर्केडची वर्गणी थांबवली की सेवेतील खेळ फोनवर उतरवलेला असला तरी उघडत नाही. पुन्हा सदस्यत्व घेतल्यास प्रगती परत मिळू शकते, पण फार काळ लोटल्यास तिची हमी अॅपल देत नाही. प्ले पासचा प्रकार थोडा वेगळा. त्यातील अनेक खेळ दुकानात एरवीही उपलब्ध असतात. सदस्यांना ते जाहिरातींशिवाय आणि आतील खरेदीचे पैसे न मोजता मिळतात. वर्गणी संपली की विकतचे खेळ बंद होतात आणि मोफत असलेल्या खेळांत जाहिराती परततात. नेटफ्लिक्सवरील खेळ तर चित्रपट-मालिकांच्या सदस्यत्वालाच जोडलेले. मालिका पाहून झाली म्हणून मोठ्यांनी सदस्यत्व थांबवले की धाकट्यांचा खेळही थांबतो. घरातील एकाची काटकसर दुसऱ्याच्या मुळावर येते ती अशी.

पूरक भागांचा सापळा

सर्वांत जास्त मनस्ताप होतो तो पूरक भागांच्या बाबतीत. नवे प्रदेश, नव्या मोटारी, नव्या कथा असे भाग मूळ खेळाला जोडण्यासाठी वेगळे विकले जातात. मूळ खेळ संग्रहातून ‘फुकट’ मिळाला म्हणून ग्राहक आनंदाने पूरक भाग पूर्ण किमतीत विकत घेतो. वर्गणी संपते. पूरक भाग कायदेशीररीत्या त्याचाच असतो, पण ज्या खेळात तो वापरायचा तो खेळच उरलेला नसतो. भाड्याच्या घरात स्वखर्चाने फरशी बसवावी आणि करार संपल्यावर चावी परत द्यावी, तसा हा प्रकार. मूळ खेळ नंतर विकत घेतला तर पूरक भाग पुन्हा कामी येतो, हाच काय तो दिलासा. मात्र तो खेळ त्याच दुकानातून घ्यावा लागतो. मायक्रोसॉफ्टच्या दुकानातील पूरक भाग स्टीमवर घेतलेल्या खेळाला जोडता येत नाही.

निन्टेन्डोच्या ‘स्विच ऑनलाइन’ सेवेच्या वरच्या योजनेत काही खेळांचे पूरक भागच वर्गणीत दिले गेले. तेथे उलट घडते. मूळ खेळ ग्राहकाच्या मालकीचा राहतो आणि पूरक भाग वर्गणीबरोबर जातो.

घाम गाळून मिळवलेली प्रगती

आता मुलाचा प्रश्न. खेळातील प्रगतीची नोंद खेळापासून वेगळी साठवली जाते. वर्गणी संपली म्हणून ती त्याच क्षणी नष्ट होत नाही. ती कोठे साठली आहे, यावर पुढचे सारे अवलंबून असते.

एक्सबॉक्सवर ही नोंद कंपनीच्या सर्व्हरवर जमा होते आणि त्यासाठी वेगळी वर्गणी लागत नाही. गेम पास सोडल्यावर तोच खेळ मायक्रोसॉफ्टच्या दुकानातून विकत घेतला तर जेथे थांबलो तेथून पुढे जाता येते. संगणकावर मात्र एक गोम आहे. गेम पासमधील प्रगती स्टीमवर घेतलेल्या त्याच खेळात आपोआप येईल, असे नाही. स्वस्त मिळाला म्हणून दुसऱ्या दुकानातून खेळ घेणाऱ्याला पुन्हा पहिल्या पायरीपासून सुरुवात करावी लागू शकते.

प्लेस्टेशनवर सर्व्हरवरील साठवण ही सदस्यत्वाचीच सोय आहे. यंत्रातील नोंद जागच्या जागी राहते, पण सर्व्हरवरील नोंद वर्गणी संपल्यावर सोनी मर्यादित काळच सांभाळते. त्यातच प्लेस्टेशन ४ वरील खेळांची नोंद पेन ड्राइव्हवर उतरवता येते, ती सोय प्लेस्टेशन ५ च्या खेळांसाठी नाही. सदस्यत्व नसताना यंत्र बिघडले किंवा विकले तर ती मेहनत वाया जाण्याचा धोका असतो. निन्टेन्डोने वर्गणी संपल्यानंतर सर्व्हरवरील नोंदी १८० दिवस ठेवण्याची मुदत जाहीर केली आहे.

मिळवलेली पदके मात्र खात्यावर कायम राहतात. खेळ हातचा गेला तरी त्यातला पराक्रम नावावर दिसत राहतो.

ऑनलाइन खेळण्याच्या मुभेचेही तसेच. पैसे देऊन घेतलेल्या अनेक खेळांत इतरांबरोबर खेळायचे तर कन्सोलवर सदस्यत्व लागते. ते संपले की विकत घेतलेला खेळ एकट्याने खेळता येतो, मित्रांबरोबर नाही. ‘फोर्टनाइट’सारख्या मोफत खेळांना ही अट नाही. एक्सबॉक्सवर पूर्वी ती होती, एप्रिल २०२१ मध्ये ती काढण्यात आली.

वर्गणी भरूनही खेळ जातो

ग्राहकाने एकही हप्ता न चुकवताही खेळ हातचा जाऊ शकतो, ही या व्यवहाराची दुसरी बाजू. संग्रहातील बरेचसे खेळ सेवा चालवणाऱ्या कंपनीचे नसतात. ते इतर प्रकाशकांकडून ठरावीक मुदतीसाठी घेतलेले असतात. करार संपला की खेळ बाहेर पडतो. ‘ग्रँड थेफ्ट ऑटो ५’ हा लोकप्रिय खेळ गेम पासमध्ये जानेवारी २०२० मध्ये आला आणि मेमध्ये गेला. एप्रिल २०२१ मध्ये परतला, ऑगस्टमध्ये पुन्हा गेला. जुलै २०२३ ते जानेवारी २०२४ असा आणखी एक फेरा झाला आणि एप्रिल २०२५ मध्ये तो पुन्हा आणण्यात आला. जाणाऱ्या खेळांची यादी आधी जाहीर होते हे खरे, पण ती पाहण्याची सवय किती जणांना असते?

खेळ कंपनीचा स्वतःचा असला तरी निर्धास्त राहता येत नाही. मायक्रोसॉफ्टचाच ‘फोर्झा होरायझन ४’ हा मोटार शर्यतीचा खेळ १५ डिसेंबर २०२४ रोजी विक्रीतून आणि गेम पासमधूनही काढण्यात आला. खऱ्या मोटार कंपन्यांची वाहने आणि नावे वापरण्याचे करार संपत आल्याने हा निर्णय घ्यावा लागला. ज्यांनी तो विकत घेतला होता, त्यांचा खेळ चालू राहिला. गेम पासवर तो खेळत असताना पूरक भाग विकत घेणाऱ्या सदस्यांचे काय, हा प्रश्न उभा राहिला. चालू सदस्यत्व असलेल्या अशा ग्राहकांना कंपनीने मूळ खेळ मिळवून देणारे टोकन दिले. फरशी बसवलेल्या भाडेकरूला घरमालकाने घरच देऊन टाकल्याचे हे दुर्मीळ उदाहरण. तो नियम नव्हे.

आणि भाडे वाढते, हेही गृहीत धरावे लागते. सोनीने सप्टेंबर २०२३ मध्ये प्लेस्टेशन प्लसच्या मूळ योजनेची अमेरिकेतील वार्षिक वर्गणी ५९.९९ डॉलरवरून ७९.९९ डॉलरवर नेली. मायक्रोसॉफ्टने ऑक्टोबर २०२५ मध्ये गेम पास अल्टिमेटचे तेथील मासिक शुल्क १९.९९ डॉलरवरून थेट २९.९९ डॉलर केले. ज्याची पाच वर्षांची खेळांची सवय एकाच सेवेत गुंतलेली असते, त्याला अशा वेळी दुसरीकडे जाणे जड जाते.

दुकानालाच टाळे लागले तर

ग्राहक राहिला, पण सेवाच गेली, असेही घडले आहे. सर्व्हरवर चालणारे खेळ इंटरनेटवरून दाखवणारी ‘ऑनलाइव्ह’ ही सेवा अमेरिकेत २०१० मध्ये सुरू झाली आणि ३० एप्रिल २०१५ रोजी तिने गाशा गुंडाळला. गुगलने याच कल्पनेवर १९ नोव्हेंबर २०१९ रोजी ‘स्टेडिया’ सेवा आणली. ती भारतात कधी आलीच नाही. २९ सप्टेंबर २०२२ रोजी ती बंद करण्याची घोषणा झाली आणि १८ जानेवारी २०२३ रोजी तिचे सर्व्हर थांबले. गुगलने आपल्या दुकानातून घेतलेली उपकरणे आणि विकत घेतलेले खेळ यांचे पैसे परत केले. मासिक वर्गणीचे पैसे मात्र परत मिळाले नाहीत. त्यात कंपनीचे गणित स्वच्छ होते. खरेदी ही खरेदी, भाडे ते भाडे. राहिलेल्या दिवसांचे भाडे कोणी परत मागत नाही.

विकत घेतले म्हणजे आपले झाले, असेही डोळे मिटून म्हणता येत नाही. युबिसॉफ्टचा ‘द क्रू’ हा २०१४ चा शर्यतीचा खेळ कंपनीच्या सर्व्हरशिवाय चालत नसे. ३१ मार्च २०२४ रोजी ते सर्व्हर बंद झाले आणि पूर्ण किंमत मोजून डिस्क घेणाऱ्यांच्या हाती चकती तेवढी उरली. फ्लॅट मालकीचा, पण जमिनीचा सात-बारा दुसऱ्याच्या नावावर, अशी ही अवस्था. योगायोग असा की, त्याच वर्षी जानेवारीत युबिसॉफ्टच्या वर्गणी विभागाचे प्रमुख फिलिप ट्रेम्ब्ले यांनी, खेळ मालकीचे नसण्याची सवय ग्राहकांना होईल तेव्हाच वर्गणी सेवा खऱ्या अर्थाने फोफावतील, अशा आशयाचे मत एका मुलाखतीत मांडले होते.

कायदा जागा होतो आहे

‘द क्रू’ प्रकरणानंतर ‘स्टॉप किलिंग गेम्स’ ही ग्राहक चळवळ उभी राहिली. विकलेला खेळ कंपनीने पाठिंबा काढल्यावरही खेळण्याजोग्या अवस्थेत सोडावा, या मागणीच्या युरोपीय नागरिक याचिकेने जुलै २०२५ मध्ये दहा लाख स्वाक्षऱ्यांचा टप्पा ओलांडला. अमेरिकेत कॅलिफोर्निया राज्याचा एक कायदा १ जानेवारी २०२५ पासून अमलात आला. डिजिटल वस्तूचा केवळ परवाना दिला जात असेल तर ‘खरेदी’ हा शब्द वापरताना तसे ग्राहकाला स्पष्ट सांगावे, असे तो म्हणतो. स्टीमने ऑक्टोबर २०२४ पासूनच पैसे भरण्याच्या पानावर तशी सूचना लावली. वर्गणी सेवांना मात्र या कायद्यातून वगळले आहे. तेथे भाड्याचा व्यवहार उघड आहे, असे गृहीत धरलेले दिसते.

भारतातील ग्राहकाला दोन नियम उपयोगी आहेत. रिझर्व्ह बँकेच्या १ ऑक्टोबर २०२१ पासून लागू झालेल्या चौकटीनुसार, खात्यातून दरमहा आपोआप वळते होणाऱ्या रकमेची सूचना किमान २४ तास आधी ग्राहकाला मिळावी लागते आणि त्याला ती संमती मागे घेता येते. ओटीपी न विचारता वळत्या होणाऱ्या रकमेची मर्यादा जून २०२२ मध्ये ५ हजारांवरून १५ हजार रुपये करण्यात आली. खेळांची मासिक वर्गणी साधारणपणे या मर्यादेच्या आतच बसते. म्हणजे बँकेचा तो लघुसंदेश वाचला नाही तर पैसे निमूटपणे जात राहतात. दुसरा नियम केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाचा. ३० नोव्हेंबर २०२३ च्या मार्गदर्शक तत्त्वांत ग्राहकाची दिशाभूल करणाऱ्या तेरा क्लृप्त्यांची यादी आहे. वर्गणी रद्द करण्याचा मार्ग लपवणे किंवा मुद्दाम किचकट करणे हा प्रकार ‘सबस्क्रिप्शन ट्रॅप’ या नावाने तीत समाविष्ट आहे.

थांबवण्यापूर्वी

सदस्यत्व सोडायचे ठरले तर काही कामे आधी उरकून घेतलेली बरी. मुदत नक्की कधी संपते ते पाहावे. रद्द केल्यावरही भरलेल्या मुदतीचे दिवस बहुधा वापरायला मिळतात. त्या महिन्याचे जमा करून ठेवण्याजोगे खेळ खात्यावर घ्यावेत, कारण पुढे कधी परतलो तर ते तेथेच असतील. प्रगतीच्या नोंदी यंत्रावर उतरल्या आहेत याची खात्री करावी. ज्या खेळाचे पूरक भाग विकत घेतले आहेत, तो मूळ खेळ सदस्यांच्या सवलतीत घेणे परवडते का, याचा विचार मुदत संपण्याआधी करावा. नंतर ती सवलत राहत नाही. घरात मुले असतील तर कोणते खेळ आपले आणि कोणते भाड्याचे, हे त्यांना आधीच सांगितलेले बरे.

वर्गणी वाईट, असा याचा अर्थ नाही. वर्षाला आठ-दहा खेळ चाखून पाहणाऱ्याला ती स्वस्तच पडते, जशी भरपूर वाचणाऱ्याला वाचनालयाची वर्गणी. एकच खेळ वर्षानुवर्षे खेळणाऱ्याला मात्र तो विकत घेणे केव्हाही हिताचे. हिशेब रुपयांचा आहेच, पण त्याहून अधिक तो वेळेचा आहे. वाचनालयाचे पुस्तक परत करताना निदान ते वाचून झालेले असते आणि त्यातले मनात उरते. खेळात शेकडो तास घालून बांधलेले गाव, जिंकलेल्या शर्यती आणि अर्धवट राहिलेली मोहीम दुसऱ्याच्या कपाटात बंद असते.

कुलूप पाहून हिरमुसलेल्या त्या मुलाला म्हणूनच उत्तर देता येते. पातळी बहुधा गेलेली नाही, ती थांबली आहे. मात्र किती दिवस थांबेल, हे ठरवणारा घड्याळाचा काटा त्याच्या घरातल्या घड्याळाचा नाही.